चाचणीची प्रत

३ जानेवारी

भाऊजी,

परवा फोनवर आपलं बोलणं म्हणजे नुसता गोंधळ झाला. तुम्ही विचारलंत, "फोल्डरचं नाव काय?" मी म्हणाले, "नवीन." तुम्ही म्हणालात, "नवीन कुठलं?" मी म्हणाले, "नवीनच." तुमचे दादा असते तर पोट धरून हसले असते. म्हणून आता मेलवर लिहूनच विचारते, तुम्हीही लिहूनच सांगा.

डायलिसिस केंद्राच्या गाडीचं सगळं काम ह्यांनी लिहिलेल्या वेबसाइटवर चालतं, हे तुम्हाला माहीत आहे. कुणाला कुठल्या फेरीला आणायचं, कुणाला घरी सोडायचं, आदल्या दिवशी कुणाच्या फोनवर निरोप जायचा, सगळं त्यातच. हे गेल्यापासून तिला कुणी हात लावलेला नाही. आता ती अडखळायला लागली आहे. केंद्रातल्या डॉक्टरीणबाई मला म्हणाल्या, "तुम्ही लग्नाआधी कोड लिहायच्यात ना? बघा की जरा." हे त्यांना ह्यांनीच कधीतरी सांगितलं असणार. मी मान हलवून बसले. घरी आल्यावर वाटलं, कुठल्या तोंडाने हो म्हटलं? मी लिहायचे तेव्हा वेबसाइटची ही पीएचपी भाषा नुकती रांगत होती.

आत डोकावले तर एकाच फोल्डरमध्ये सगळा संसार. 'नवीन', 'नवीन_खरं', 'हात_लावू_नये', 'तात्पुरतं', आणि एकाचं नाव नुसतं 'हे'. पाच फोल्डर, पाचांतही जवळपास तेच, पण अगदी तेच नाही. कुठून सुरुवात करू?

वहिनी


५ जानेवारी

वहिनी,

दादा पहिल्यापासून असाच. शाळेत त्याच्या दप्तरात गणिताची वही शोधायची तर आधी दोन मोजे आणि एक अर्धा पेरू बाहेर काढावा लागे. 'तात्पुरतं'ची तारीख बघा, सहा-सात वर्षं जुनी निघेल. तात्पुरत्याइतकं टिकाऊ या जगात काही नाही.

घाबरू नका. खरी साइट जिथे चालते त्या सर्व्हरला अजिबात हात लावू नका. सगळं जसंच्या तसं तुमच्या मशीनवर उतरवून घ्या. ती तुमची चाचणीची प्रत. जी काही मोडतोड करायची ती तिच्यात.

मग पहिलं काम एवढंच: 'पब्लिक' नावाचा एक फोल्डर करा आणि बाहेरच्या जगाला दिसायला हव्यात तेवढ्याच गोष्टी त्यात ठेवा. चित्रं, रंगरूपाच्या फाइली आणि दारावरची ती एक इंडेक्स फाइल. बाकी सगळा कोड 'अ‍ॅप' नावाच्या दुसऱ्या फोल्डरमध्ये, पब्लिकच्या बाहेर. आता दादाचा सगळा कोड चव्हाट्यावर मांडलेला आहे. पत्ता माहीत असला तर कुणीही येऊन चाळेल.

एवढं करा आणि कळवा. पुढचं पुढच्या पत्रात. एकदम सगळं सांगितलं तर गोंधळ होईल.

इकडे सगळं ठीक. घरात नुसती धांदल असते. ही तुमची आठवण काढते.

धाकटा


१२ जानेवारी

भाऊजी,

झालं एकदाचं. दोन दिवस नुसता पांढरा पडदा दिसत होता, मग कळलं की इंडेक्स फाइल अजून जुन्याच जागी 'अ‍ॅप' शोधत होती. घर बदललं आणि पोस्टमनला सांगितलंच नाही, तसं. पत्ता दुरुस्त केला आणि साइट उघडली. मी खुर्चीतच टाळी वाजवली. ऐकायला कुणी नव्हतं, पण वाजवली.

खुर्ची ह्यांचीच आहे. फार उंच केलेली, माझे पाय जमिनीला टेकत नाहीत. बाजूला दांडी आहे, ती ओढली की खाली येते. पण ती ओढवत नाही. पायाखाली पुठ्ठ्याचा खोका घेऊन बसते.

कोडमध्ये ह्यांनी मधूनमधून स्वतःसाठी टिपा लिहून ठेवल्यात. एके ठिकाणी आहे, "हे का चालतं ठाऊक नाही. चालतंय तोवर शहाणपणा करू नये." एके ठिकाणी, "भूक लागली, उद्या." मला अगदी आवाज ऐकू आला. त्या दिवशी पुढे काही काम झालं नाही.

एक विचारायचं राहिलं. माझ्या मशीनवर जी प्रत आहे, तिला कसं कळणार की आपण प्रत आहोत? ती सर्व्हरवरच्यासारखीच वागते. जुन्या नोकरीत आमच्याकडे चाचणीचं वेगळं आणि खरं वेगळं असायचं. ते आधी करायचं ना?

वहिनी


१४ जानेवारी

वहिनी,

शाबास! पांढऱ्या पडद्यातून जो बाहेर आला तो तरला. आमच्याकडे पगारी माणसं तिथे आठवडा काढतात.

तुम्ही म्हणता त्याला एन्व्हायरन्मेंट म्हणतात. मराठीत 'पर्यावरण' म्हणालात तर झाडं लावावी लागतील, म्हणून इंग्रजीच बरं. तो मोठा विषय आहे, सावकाश सांगतो. आधी 'अ‍ॅप'च्या आतली आवराआवर होऊ द्या. तिथे तीन फोल्डर करा. माहितीशी बोलणारा कोड 'मॉडेल'मध्ये, पडद्यावर दिसणारा 'व्ह्यू'मध्ये आणि दोघांच्या मध्ये राहून कामं वाटणारा 'कंट्रोलर'मध्ये. दादाने एकेका फाइलमध्ये तिन्हींची खिचडी केली असणार. या खेपेला फक्त गाडीच्या फेऱ्यांचा भाग घ्या. निरोपांचा भाग नंतर.

तोवर तुमच्या मशीनवर बिनधास्त खेळा. तिथे काही बिघडत नाही.

'तात्पुरतं' आणि 'हे' उडवून टाका. अडगळ आहे.

धाकटा


२७ जानेवारी

भाऊजी,

फेऱ्यांचा भाग झाला. खरं तर तुमचं पत्र आल्यावर चौथ्या दिवशीच झाला होता. मग म्हटलं, तुम्ही कामात असाल, घरात माणसं आहेत, मी कशाला सारखी दारात उभी राहू. तुमची पत्रं फार व्यवस्थित असतात. फोल्डर इकडे, फाइल तिकडे. दादाचं नाव आलंच तर त्यांनी काय खिचडी केली एवढ्यापुरतं. तुमचा राग नाही. दुःख आवरायची प्रत्येकाची रीत वेगळी, हे मला कळतं.

'हे' उडवला. 'तात्पुरतं' नाही उडवला. नका विचारू.

काम करताना एक सुचलं, की आपण ज्यांच्यासाठी हे करतो ती माणसं तरी बघावीत. म्हणून मंगळवारी गाडीत बसून आख्खी फेरी केली. चालकाला सगळे मामा म्हणतात. गाडीत चढताना प्रत्येकाला ते हात देतात, फक्त एकालाच देत नाहीत. ते कंडक्टरकाका. चाळीस वर्षं बसमध्ये काढली त्यांनी. हात दिला तर रागावतात. मागच्या दारापाशीच बसतात आणि कुणी चढलं की म्हणतात, "पुढे चला, पुढे चला, मधे जागा आहे." गाडीत जागा सहाच. सगळे हसतात. त्यांचं कुणी नाही, एकटेच राहतात. मला म्हणाले, "बाई, आठवड्यात तीन दिवस मी या गाडीत असतो. उरलेले चार दिवस गाडीची वाट बघतो."

उद्या निरोपांच्या भागाला हात घालते. तुम्ही नंतर म्हणाला होतात, पण हात रिकामे बसत नाहीत. माझ्या प्रतीत आहे, बिघडायचं काय त्यात.

वहिनी


२८ जानेवारी

भाऊजी,

फोन उचलत नाही आहात म्हणून लिहिते. माझ्या प्रतीतून मी एक निरोप पाठवून बघितला: "उद्या गाडी येणार नाही." मनाला येईल ते लिहिलं होतं. तो खराच गेला. सगळ्या पेशंटना. केंद्रातला फोन सारखा वाजतो आहे. हे कसं झालं? लगेच काय करू?

वहिनी


२८ जानेवारी

वहिनी,

आत्ता बघितलं. सेटिंग ठेवायच्या 'कॉन्फिग' फोल्डरमध्ये निरोपांची फाइल आहे, तिच्यात निरोप पाठवणाऱ्या कंपनीने दिलेली लांबलचक किल्ली आहे. तुमच्या मशीनवर ती आधी पुसा. दादाने माणसांचे खरे नंबर आणि खरी किल्ली तिथेच ठेवलेली होती, आणि प्रतीबरोबर ते सगळं तुमच्याकडे आलं. मग सर्व्हरवरून दुसरा निरोप पाठवा: "आधीचा निरोप चुकीचा होता, गाडी येणार आहे." आणि एकेकाला फोनही करा. निरोप सगळे वाचतातच असं नाही.

सगळे सापडले का ते कळवा. मी फोनजवळच आहे.

धाकटा


३० जानेवारी

वहिनी,

काही कळवलं नाहीत. सगळे आले ना?


४ फेब्रुवारी

वहिनी, केंद्रात फोन केला होता. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, तुम्ही हॉस्पिटलात आहात. कुणासाठी, ते सांगेपर्यंत फोन बंद झाला. तुम्ही बऱ्या आहात ना? एक ओळ लिहा.


१५ फेब्रुवारी

भाऊजी,

मी बरी आहे. कंडक्टरकाका बरे नाहीत.

त्या दिवशी मामा आणि मी एकेकाला फोन करत गेलो. सगळे मिळाले, काकांचा फोन बंद होता, दुसरा निरोपही त्यांना पोचला नसणार. दुसऱ्या दिवशी सकाळी मामा त्यांच्या दारात गेले तर दाराला कुलूप. शेजारची म्हणाली, "पहाटेच तयार होऊन बाहेर पडले." गाडी येणार नाही म्हटल्यावर त्या माणसाने घरी बसायचं नाही, असं ठरवलं. बसने निघाले. दोन बस बदलून केंद्रात यायचं होतं. दुसऱ्या बसच्या थांब्यावर चक्कर येऊन पडले, खुब्याचं हाड मोडलं. कुणा भल्या माणसाने शहराच्या दुसऱ्या टोकाच्या हॉस्पिटलात नेलं. खिशात पत्ता नाही, शुद्ध धड नाही. डायलिसिस चुकलेला माणूस किती लवकर खचतो ते मी तिथे पाहिलं. मामांनी शहरातली हॉस्पिटलं पालथी घातली तेव्हा सापडले. अंग सुजलेलं, श्वास लागलेला. मला ओळखलं नाही. माझ्याकडे बघून म्हणाले, "बाई, तिकीट काढलंत का?"

आता वाचतील, असं डॉक्टरीणबाई म्हणतात. चालतील की नाही, ते कुणी सांगत नाही.

हे माझ्या हातून झालं. ते मी कुणावर ढकलत नाही. पण डॉक्टरीणबाईंनी बाहेरच्या एका प्रोग्रॅमरला बोलावून सगळं दाखवलं. त्याने आपला पत्रव्यवहारही वाचला, मीच दिला. तो म्हणाला, "चाचणीची आणि खरी सेटिंग वेगळी करणं हे पहिलं काम. प्रत काढली की त्याच दिवशी. सांगणाऱ्याला हे माहीत नव्हतं असं होऊच शकत नाही. आणि ताई, हे सगळं मिळून दोन दिवसांचं काम आहे. अख्खा महिना कशाला लागला?"

मी तुम्हाला सरळ विचारलं होतं, ते आधी करायचं ना? तुम्ही झाडं लावायचा विनोद केलात. मला म्हणालात, बिनधास्त खेळा, तिथे काही बिघडत नाही. भाऊजी, तुम्ही या कामात मुरलेले. मी तुमच्या शब्दावर विसंबले. असं का केलंत, एवढं सांगा. गुंता समजून घ्यायची ताकद आता माझ्यात नाही, सरळ सांगा.

वहिनी


१८ फेब्रुवारी

वहिनी,

तो प्रोग्रॅमर खरं बोलला.

पुरवून पुरवून लिहीत होतो. एका पत्रात एक फोल्डर, म्हणजे परत तुमचं पत्र येईल. तुम्ही विचारलंत तेव्हा मनात आलं, हे सांगितलं तर उरतं काय? काम संपणार आणि पत्रं थांबणार. किल्लीचा विचार डोक्यात आला नव्हता असं म्हणून सुटता आलं असतं, पण आला होता. म्हटलं, निरोपांचा भाग नंतर घ्यायला सांगतो, तोवर काय होतंय. माझ्या या 'तोवर'पायी एक माणूस थांब्यावर पडला.

आता उरलेलं सगळं इथेच लिहितो, काही मागे ठेवत नाही.

कोड एकच राहतो, पण तो कुठे चालतोय त्याप्रमाणे त्याने वागावं, म्हणून तीन घरं करायची. 'कॉन्फिग'च्या आत तीन फोल्डर: एक तुमच्या मशीनचा, एक चाचणीचा, एक खऱ्या सर्व्हरचा. माहितीचा साठा कुठला आणि निरोपांची किल्ली कुठली, ते प्रत्येकात वेगळं लिहायचं. तुमच्या मशीनच्या फोल्डरमध्ये किल्ली लिहायचीच नाही. तिथे निरोप बाहेर जाण्याऐवजी एका फाइलमध्ये नुसता उमटू दे. इंडेक्स फाइलच्या सुरुवातीला एन्व्हायरन्मेंट ठरवणारी ओळ असते. सर्व्हरने स्वतःहून "मी खरा" असं सांगितलं नाही, तर साइटने स्वतःला चाचणीची प्रतच समजायचं. उलटं कधीही नको. खरी किल्ली कोडबरोबर कुठेही ठेवायची नाही. ती फक्त सर्व्हरवर, एका वेगळ्या फाइलमध्ये, आणि ती फाइल प्रत काढताना येता कामा नये. चाचणीच्या साठ्यात खऱ्या माणसांची नावं आणि नंबर ठेवू नका. खोटी माणसं तयार करा. कोडमधल्या चुका पडद्यावर दाखवायच्या त्या फक्त तुमच्या मशीनवर, सर्व्हरवर त्या फाइलीत लिहून ठेवायच्या.

सोबत प्रत्येक फाइल कशी दिसायला हवी ते लिहून जोडलं आहे. हे जमलं की तुम्हाला माझी गरज पडणार नाही. कुठे अडलात तर त्या प्रोग्रॅमरला विचारा. माणूस सरळ दिसतो.

'तात्पुरतं' उडवून टाका म्हणालो, ते चुकलं. असू दे ते.

काकांना काय सांगायचं मला सुचत नाही.

धाकटा


३० मार्च

भाऊजी,

तुमच्या पत्राला उत्तर द्यायचं नाही असं ठरवलं होतं. बरेच दिवस पाळलंही.

तुम्ही लिहिलं ते सगळं केलं. त्या प्रोग्रॅमरने तपासून बघितलं, त्याला खोट काढायला जागा मिळाली नाही. तेव्हा आता तुम्हाला विचारण्यासारखं कामाचं काही शिल्लक नाही, हे पत्र कामाचं नाही.

काका मंगळवारी केंद्रात आले. चाकाच्या खुर्चीतून. मामांनी या वेळी न विचारता दोन्ही हातांनी उचलून गाडीत ठेवलं आणि काका काही बोलले नाहीत. ते मला फार लागलं. अर्ध्या वाटेवर मी त्यांना सांगितलं, तो निरोप माझा होता म्हणून. काका म्हणाले, "निरोप वाचून मला वाटलं, चला, आज आपल्या मनाने जाऊ. कित्येक दिवसांत मनाने कुठे गेलो नव्हतो." थोड्या वेळाने म्हणाले, "पण तू परत असं करू नकोस." मी म्हटलं, नाही करणार. ते म्हणाले, "मग झालं."

मला तेवढ्याने झालं नाही. तुम्हालाही होऊ नये असं मला वाटतं. तुमच्यावरचा राग गेला, असं मी लिहिणार नाही. उगाच गोड लिहायची मला सवय नाही.

राग उतरवायला म्हणून मी जाऊबाईंना फोन केला. म्हटलं, तुझ्या नवऱ्याने काय केलं ते तुला तरी कळू दे. ती म्हणाली, "वहिनी, मी त्या घरात राहत नाही. मागच्या उन्हाळ्यापासून मुलांना घेऊन वेगळी राहते. त्यांनी सांगितलं नाही तुम्हाला?" मग म्हणाली, नोकरीही गेली आहे.

म्हणजे दादा गेले तेव्हा तुम्ही आधीच एकटे होतात. इथून परत जाताना दारात उभे राहून म्हणालात, "घरी वाट बघत असतील." मी तुम्हाला डबा बांधून दिला होता, चौघांना पुरेल एवढा. तुम्ही तो मुकाट घेऊन गेलात.

मी पाय खोक्यावर ठेवून तुमच्या भरल्या घराचा हेवा करत होते, आणि तुम्ही तिथे बसून माझ्या पत्राची वाट बघत होतात. आपण दोघं काय मूर्ख माणसं आहोत.

खरं उत्तर द्या. तुम्ही आज काय जेवलात?

वहिनी


२ एप्रिल

वहिनी,

काही नाही. सकाळी चहा घेतला, ओट्यापाशी उभ्यानेच. मग जेवायचं राहिलं. इथे सहसा असंच राहून जातं. कुणी विचारत नाही, मग मीही स्वतःला विचारत नाही. तुमचं पत्र वाचून उठलो, डब्यात तांदूळ होते, भात लावला. शिजेपर्यंत हे लिहितो आहे.

ती गेली त्यात तिची चूक नाही. नोकरी गेल्यावर मी घरात कुणाशी बोलेनासा झालो. ती विचारायची, "काय झालंय?" मी म्हणायचो, "सगळं ठीक." ते तुम्हालाही म्हणत राहिलो. दादाचं नाव पत्रात येत नाही म्हणालात ना? दोन-तीनदा लिहिलं आणि खोडलं. त्याच्याबद्दल लिहायला लागलं की पुढे फोल्डरवर येता येत नव्हतं, आणि फोल्डर नसते तर तुम्हाला पत्र लिहायला मला दुसरं निमित्त नव्हतं.

डबा मी तीन दिवस खाल्ला. एकट्याने.

राग राहू दे. तो असायलाच हवा. पण काकांशी मला बोलायचं आहे आणि ते पत्रात जमणार नाही. शनिवारच्या गाडीने निघतो आहे. माझ्याबद्दल त्यांना आधी काही सांगू नका. तुमच्या घरी यायच्या आधी मी त्यांच्या दारात जाईन, मी कोण ते त्यांना स्वतः सांगेन. त्यांनी दार लावून घेतलं तर पायरीवर बसेन.

भाताचा वास सुटला आहे. आता जेवायला बसतो.

धाकटा